पॅरामाउंटसी : व्याख्या नसलेल्या शब्दाचे राज्य

१/ १८ जुलै १९४७ रोजी भारतीय स्वातंत्र्याच्या कायद्याला ब्रिटिश राजाची संमती मिळाली. त्या कायद्याच्या सातव्या कलमाने साडेपाचशेहून अधिक संस्थानांवरील ब्रिटिश राजसत्तेचा अधिकार १५ ऑगस्टपासून संपुष्टात आणला. संपणाऱ्या त्या अधिकाराला कारभारात आणि राजकारणात शंभरहून अधिक वर्षे एक नाव होते : पॅरामाउंटसी. त्या नावाखाली नेमके काय येते, हे मात्र इंग्रजांनी अखेरपर्यंत लिहून दिले नाही. हा थ्रेड त्या एका शब्दाचा आणि त्याच्या मोघमपणाची किंमत कोणी मोजली याचा. 🧵

२/ प्रथम व्युत्पत्ती. जुन्या फ्रेंचमध्ये ‘पार’ आणि ‘आमाँ’ हे दोन शब्द जोडून ‘वरच्या अंगाला’ असा अर्थ होई. ‘आमाँ’चे मूळ लॅटिनमध्ये, ‘डोंगराकडे’ या अर्थाच्या शब्दांत. नॉर्मन राजवटीबरोबर हा शब्द इंग्लंडच्या जमीन कायद्यात शिरला. कुळाच्या वर धनी, धन्याच्या वर मोठा सरदार, अशी चढती साखळी असे. ज्याच्या वर कोणीच नाही, तो ‘लॉर्ड पॅरामाउंट’. इंग्लंडात हे स्थान राजाचे. ‘पॅरामाउंटसी’ हे त्यापासून झालेले भाववाचक नाम.

३/ इंग्रजीत विशेषण म्हणून ‘पॅरामाउंट’ सर्रास आढळते. नाम मात्र विरळा. शब्दकोश त्याचा अर्थ ‘सर्वश्रेष्ठत्व’ असा देतात. कॅनडाच्या संविधानशास्त्रात तो आजही रोजच्या वापरात आहे. तेथे संघराज्याचा व प्रांताचा कायदा परस्परविरोधी ठरला, तर विरोध असेल तेवढ्यापुरता संघराज्याचा कायदा वरचढ ठरतो. या तत्त्वाला हेच नाव आहे. तेथे त्याची मर्यादा आखलेली आहे आणि विरोध आहे की नाही, हे न्यायालय ठरवते.

४/ दुसरे उदाहरण केनियाचे. तेथील भारतीयांना समान मताधिकार आणि उंच पठारावरील सुपीक जमीन घेण्याचा हक्क हवा होता. गोऱ्या वसाहतवाल्यांना स्वयंशासन. भारतीयांची बाजू मांडण्यासाठी श्रीनिवास शास्त्री यांच्या नेतृत्वाखाली शिष्टमंडळ लंडनला गेले. जुलै १९२३ मध्ये वसाहतमंत्री ड्यूक ऑफ डेव्हनशायर यांनी श्वेतपत्रिकेत जाहीर केले की, केनियात आफ्रिकी रहिवाशांचे हित ‘पॅरामाउंट’ राहील.

५/ घोषणा उदात्त होती. प्रत्यक्षात पठार गोऱ्यांकडेच राहिले आणि भारतीयांना समान मतदारयादी मिळाली नाही. वसाहतवाल्यांची स्वयंशासनाची मागणी तेवढी अडली. ज्यांचे हित सर्वश्रेष्ठ ठरले, त्या आफ्रिकी लोकांच्या वतीने विधिमंडळात बोलण्यासाठी एका मिशनऱ्याची नेमणूक झाली. ‘सर्वश्रेष्ठ’ काय, हे जाहीर करणारा आणि त्याचा अर्थ लावणारा एकच असला की काय घडते, याचा हा छोटा नमुना. मोठा नमुना हिंदुस्थानात होता.

६/ पुढे जाण्यापूर्वी शब्दांचा एक गुंता सोडवला पाहिजे. ‘सॉव्हरिन्टी’ म्हणजे सार्वभौमत्व : स्वतःच्या राज्यात स्वतःची अंतिम सत्ता. ‘सुझरेन्टी’ म्हणजे वरिष्ठ राज्याचे मांडलिक राज्यावरील अधिराज्य. पॅरामाउंटसी या दोहोंच्या मधली. मराठीत तिच्यासाठी ‘सार्वभौम सत्ता’ हा प्रयोग रूढ झाला आणि तेथेच वाचकाची दिशाभूल होते. संस्थानांना अंतर्गत सार्वभौमत्व आहे असेही इंग्रज म्हणत आणि त्यांच्यावर आपली पॅरामाउंटसी आहे असेही. दोन्हींना एकच मराठी शब्द वापरला, तर वाद कशाचा होता हेच कळत नाही. ‘अधिसत्ता’ हा शब्द त्या मानाने बरा.

७/ या अधिसत्तेचा पाया तहांत नव्हता. वेलस्लीच्या तैनाती फौजेच्या तहांत कलमे होती, अटी होत्या, दोन पक्ष होते. १८१८ मध्ये पेशवाई संपल्यावर बरोबरीचा प्रतिस्पर्धी उरला नाही आणि भाषा बदलू लागली. १८२५ साली भरतपूरच्या गादीचा वाद उद्भवला, तेव्हा चार्ल्स मेटकाफ यांनी मांडले की, कंपनी ही हिंदुस्थानातील सर्वोच्च सत्ता आहे. म्हणून शांतता आणि हक्क राखणे हे तिचे कर्तव्यच आहे. अधिकाराने कर्तव्याचा पोशाख घातला. जानेवारी १८२६ मध्ये भरतपूरचा किल्ला पडला.

८/ महाराष्ट्राला या शब्दाचा चटका साताऱ्यात बसला. २५ सप्टेंबर १८१९ च्या तहाने कंपनीने छत्रपती प्रतापसिंह, त्यांचे वारस आणि उत्तराधिकारी यांना साताऱ्याचे राज्य कायमच्या सार्वभौमत्वाने दिले होते. वीस वर्षांत, १८३९ मध्ये, कटाचे आरोप ठेवून प्रतापसिंहांना पदच्युत केले गेले आणि काशीला पाठवले गेले. त्यांची कैफियत घेऊन रंगो बापूजी लंडनला गेले व चौदा वर्षे झगडले. त्यांच्या हाती तहाचा कागद होता. समोरच्याच्या हाती त्या कागदाचा अर्थ लावण्याचा अधिकार होता.

९/ एप्रिल १८४८ मध्ये प्रतापसिंहांचे बंधू शहाजी ऊर्फ आप्पासाहेब निधन पावले. मृत्यूपूर्वी त्यांनी दत्तक घेतला होता. ‘वारस’ या शब्दात दत्तक पुत्र येतो का? हिंदू धर्मशास्त्राप्रमाणे येतो. मुंबईचे गव्हर्नर जॉर्ज क्लार्क यांनीही राज्य खालसा करण्यास विरोध केला होता. डलहौसीने निर्णय दिला : अधिसत्तेच्या मंजुरीवाचून दत्तकाला राज्याचा वारसा मिळत नाही. राज्य ‘लॅप्स’ झाले, म्हणजे वारसाअभावी वरिष्ठ धन्याकडे परतले. साताऱ्यामागून नागपूर आणि झाशी गेली.

१०/ १८५७ च्या उठावानंतर धोरण फिरले. राणीच्या जाहीरनाम्याने तह पाळण्याचे वचन दिले आणि कॅनिंगने दत्तकाच्या सनदा वाटल्या. संस्थाने गिळणे थांबले. मात्र सनद हीदेखील वरून मिळालेली कृपाच. दत्तकाचा हक्क मान्य करतानाच तो मान्य करणारा कोण, हेही त्यात ठरून गेले.

११/ बडोद्याचे प्रकरण याहून गुंतागुंतीचे. रेसिडेंट कर्नल फेअर यांना विषप्रयोग करविल्याचा आरोप मल्हारराव गायकवाडांवर ठेवला गेला. १८७५ च्या चौकशी आयोगात तीन इंग्रज आणि तीन हिंदी सदस्य होते. हिंदी सदस्यांत ग्वाल्हेरचे शिंदे, जयपूरचे महाराज आणि सर दिनकरराव. इंग्रज सदस्यांना आरोप सिद्ध वाटला, हिंदी सदस्यांना नाही. निवाडा दुभंगला, तरी मल्हाररावांची गादी गेली. कारण सांगितले गेले ते गैरकारभाराचे.

१२/ येथे प्रामाणिकपणा हवा. मल्हाररावांचा कारभार खरोखर वाईट होता. त्यांच्यामागे नाशिक जिल्ह्यातील कवळाण्याचा गोपाळराव हा मुलगा दत्तक आला आणि सयाजीराव म्हणून सक्तीचे प्राथमिक शिक्षण, ग्रंथालये व सामाजिक सुधारणा करून गेला. अधिसत्तेने क्वचित प्रजेचे भलेही केले, हे नाकारता येत नाही. तथापि भले झाले ते तिच्या मर्जीने. प्रजेने त्यासाठी दाद मागावी, असे ठिकाण कोठेच नव्हते.

१३/ १८९१ मध्ये मणिपूरचे युवराज टिकेंद्रजित यांना फाशी दिल्यानंतर हिंदुस्थान सरकारने ठराव प्रसिद्ध केला : आंतरराष्ट्रीय कायद्याची तत्त्वे राणीचे सरकार आणि संस्थाने यांच्या संबंधांना लागू नाहीत. पुढे १८९४ साली विल्यम ली-वॉर्नर यांनी संस्थानांवरील आपल्या ग्रंथात या अधिकाराची व्याप्ती अनिश्चित ठेवण्यातच शहाणपण असल्याचे मत मांडले. मोघमपणा हा अनवधानाचा दोष नव्हता. ते धोरण होते.

१४/ निजामाने ते धोरण तपासून पाहिले. हैदराबाद कंटिंजंट फौजेच्या थकबाकीपोटी १८५३ मध्ये वऱ्हाड इंग्रजांच्या हवाली झाला होता. १९०२ मध्ये कर्झनने वर्षाला २५ लाख रुपयांवर त्याचा कायमचा पट्टा करून घेतला. मीर उस्मान अली खान यांनी १९२३ मध्ये वऱ्हाड परत मागितला आणि दोन सरकारांतील वाद म्हणून त्याचा निर्णय व्हावा असा आग्रह धरला. २७ मार्च १९२६ च्या पत्रात व्हाइसरॉय लॉर्ड रीडिंग यांनी कळवले की, ब्रिटिश राजसत्ता हिंदुस्थानात सर्वोच्च आहे. कोणताही संस्थानिक तिच्याशी बरोबरीच्या नात्याने वाटाघाटी करू शकत नाही.

१५/ संस्थानिक हादरले. त्यांनी मागणी केली : या अधिकाराची व्याख्या करा. १९२७ च्या अखेरीस सर हार्कोर्ट बटलर यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली. संस्थानिकांचे वकील सर लेस्ली स्कॉट यांनी युक्तिवाद केला की, हे नाते तहांचे, म्हणजे कराराचे आहे. करारात नाही ते अधिकारात नाही. १९२९ च्या अहवालाचे उत्तर प्रसिद्ध आहे : पॅरामाउंटसी ही पॅरामाउंटच राहिली पाहिजे आणि काळाच्या गरजेप्रमाणे तिने स्वतःची व्याख्या स्वतःच करत जावे. शब्दाचा अर्थ विचारला, तर समितीने तोच शब्द परत दिला.

१६/ याच समितीपुढे आणखी एक पक्ष उभा होता, तो सहसा विसरला जातो. डिसेंबर १९२७ मध्ये मुंबईत अखिल भारतीय संस्थानी प्रजा परिषद भरली होती. प्रजेच्या प्रतिनिधींना समितीपुढे म्हणणे मांडायचे होते. समितीने लेखी निवेदने स्वीकारली. तोंडी म्हणणे ऐकले नाही. उलट संस्थानिकाला दूर सारून वेगळी राज्यपद्धती आणण्याचा प्रयत्न झाल्यास त्याला संरक्षण देण्यास अधिसत्ता बांधील असल्याचे अहवालाने मानले. इंग्रजांपुढे अपमान गिळणाऱ्या संस्थानिकाला रयतेपुढे तीच अधिसत्ता ढाल म्हणून उपयोगी पडे.

१७/ सगळेच संस्थानिक त्या ढालीमागे दडले नाहीत. औंधचे भवानराव पंतप्रतिनिधी यांनी गांधीजींचा सल्ला घेऊन १९३९ मध्ये संविधान लागू केले आणि सत्ता प्रजेच्या हाती दिली. औंध लहान होते. परंतु राजाच्या वर कोण, या प्रश्नाचे वेगळे उत्तर तेथे मिळाले.

१८/ मग १९४६ आले. मे महिन्यातील निवेदनात कॅबिनेट मिशनने जाहीर केले की, अधिसत्ता ब्रिटिश स्वतःकडे ठेवणार नाहीत आणि नव्या सरकारकडे सोपवणारही नाहीत. ती नाहीशी होईल. पुढे १९४७ च्या कायद्यात त्यासाठी वापरलेला शब्द होता ‘लॅप्स’. ज्या शब्दाने डलहौसीने साताऱ्याचे राज्य घेतले, त्याच शब्दाने शंभर वर्षांनी ब्रिटिशांनी आपली जबाबदारी खाली ठेवली. दिल्लीच्या राजकीय खात्यात संस्थानिकांच्या खासगी भानगडींची कागदपत्रे कॉनरॅड कॉरफिल्ड यांच्या हुकमाने जाळली जात होती.

१९/ त्रावणकोर आणि हैदराबाद यांनी स्वतंत्र राहण्याची भाषा सुरू केली. १७ जून १९४७ रोजी डॉ. आंबेडकरांनी प्रसिद्ध केलेल्या निवेदनात या सिद्धान्ताचा मुळावरच घाव घातला. अधिसत्ता हा राजमुकुटाचा विशेषाधिकार आहे आणि राजमुकुट तो मंत्र्यांच्या सल्ल्याने वापरतो. भारत डोमिनियन झाल्यावर सल्ला देण्याचा हक्क भारतीय मंत्र्यांचा. म्हणून अधिसत्ता विरून जाऊ शकत नाही, ती भारताकडे येते. इंग्रजांनी कोरा ठेवलेला शब्द त्यांनी इंग्रजांच्याच संविधानशास्त्राने भरून दाखवला.

२०/ लंडनने ते मानले नाही. सरदार पटेल आणि व्ही. पी. मेनन यांनी अधिसत्तेचा वाद बाजूला ठेवला आणि संरक्षण, परराष्ट्र व्यवहार व दळणवळण या तीन विषयांचे सामीलनामे लिहून घेतले. येथे तीन विषय, खाली सही : अधिकार प्रथमच मोजून मांडला गेला. बहुतेक संस्थाने अशी आली. हैदराबाद आले नाही. मराठवाड्याच्या लोकांनी रझाकारांच्या छायेत आणखी तेरा महिने काढले आणि स्वामी रामानंद तीर्थांच्या नेतृत्वाखाली लढा दिला. १७ सप्टेंबर हा मुक्तिसंग्राम दिन त्या तेरा महिन्यांची आठवण आहे.

२१/ ‘१९४७ मध्ये सर्व संस्थाने कायद्याने स्वतंत्र झाली होती’ असे विधान आजही ठामपणे केले जाते. ते ब्रिटिशांनी लावलेल्या एका अर्थावर उभे आहे. ज्या सत्तेने हा शब्द कधी बांधून घेतला नाही, तिने जाता जाता लावलेला अर्थच अंतिम का मानावा? संस्थानी प्रजेला तो कोणी विचारला होता? आंबेडकरांचा युक्तिवाद मान्य असो वा नसो, तो वाचल्याशिवाय हे विधान करणे म्हणजे निम्मी मिसल वाचून निकाल देणे.

२२/ जुन्या तहांत, जाहीरनाम्यांत आणि अहवालांत असे भारदस्त शब्द पुन्हा पुन्हा भेटतील. त्यांचा शब्दकोशातील अर्थ पाहावाच. त्यापुढे जाऊन, त्या काळी तो अर्थ ठरवण्याचा हक्क कोणाकडे होता आणि तो मोडल्यास दाद कोठे मागता येत होती, हेही शोधावे. रंगो बापूजींना चौदा वर्षांत लंडनमध्ये तसे एकही दार उघडे मिळाले नाही. तहाच्या कागदावरचे ‘कायमचे सार्वभौमत्व’ हे शब्द मात्र तसेच होते.