बेडी तुटली, खातें कधीं फिटणार?

ता. १८ एप्रिल १८७४ रोजीं लंडनच्या वेस्टमिन्स्टर ॲबेमध्यें डेव्हिड लिव्हिंग्स्टन याचा दफनविधि झाला, तेव्हां शवपेटीसोबत चालणाऱ्या मानकऱ्यांत एक आफ्रिकन तरुण होता. त्याचें नांव जेकब वेनराइट. आणि त्याचें शिक्षण झालें होतें आपल्या नाशिकजवळील शरणपुरांत. आंधळगांवच्या पेठेंत कोशाच्या कापडाचा व्यवहार करणारा आमचा वाचक विचारील कीं, या जुन्या गोष्टीशीं आमचा संबंध काय? संबंध आहे, व तो खातेवहीचा आहे.

गुलाम नेणारीं गलबतें इंग्रजी आरमार समुद्रांत पकडी व त्यांतील पोरकीं मुलें मुंबईस उतरवी. त्यांपैकीं कित्येकांस शरणपूर येथें चर्च मिशनरी सोसायटीच्या वसाहतींत ठेवून अक्षरें व हातांचा धंदा शिकवीत. १८६६ सालीं लिव्हिंग्स्टन मुंबईहून शेवटच्या प्रवासास निघाला, तेव्हां नाशिकचीं नऊ मुलें त्याच्या बरोबर होतीं. जेकब मागाहून १८७२ सालीं गेला. १८७३ च्या मे महिन्यांत लिव्हिंग्स्टन वारला. त्याचें हृदय तेथेंच झाडाखालीं पुरून, सूसी व मुंबईंत शिकलेला चुमा यांच्या पुढारीपणाखालीं या मंडळींनीं त्याचें प्रेत हजार मैलांहून अधिक वाट तुडवून समुद्रकांठीं आणलें. तरी जगाच्या पुस्तकांत शोधक म्हणून नांव राहिलें तें एकट्या लिव्हिंग्स्टनचेंच!

मिशनऱ्यांनीं या मुलांस अन्न व विद्या दिली, हें नाकारणें कृतघ्नपणाचें होईल. परंतु त्यांचें नांव व धर्म बदलला, आणि त्यांनीं कोठें राहावें हेंहि इतरांनींच ठरविलें. १८७५ सालीं मोंबासाजवळ मुंबईचे माजी गव्हर्नर बार्टल फ्रिअर यांच्या नांवानें फ्रिअरटाउन वसलें, तेव्हां नाशिकच्या आफ्रिकन मंडळींची तिकडे रवानगी झाली. बेडी तुटली होती. लगाम मात्र दुसऱ्याच्याच हातीं होता.

परक्याचे दोष काढणें सोपें. आतां आपलें घर पाहूं. १८४३ च्या पांचव्या कायद्यानें गुलामावरील मालकीहक्क हिंदुस्थानांतील न्यायालयांनीं मानूं नये असें ठरलें; १८६० च्या दंडसंहितेनें गुलामाची खरेदीविक्री हा गुन्हा झाला. पण ज्याचें पोट सावकाराच्या हातीं, त्याचे पाय मोकळे कसे व्हावे? पूर्वीं माणसाची किंमत बाजारांत ठरे, पुढें ती कर्जरोख्यांत लिहूं लागले. म्हणूनच घटनेच्या २३ व्या कलमानें वेठ निषिद्ध झाल्यावरहि १९७६ सालीं वेठबिगार निर्मूलनाचा निराळा कायदा करावा लागला. त्यानें वेठीचें कर्जच रद्द ठरविलें. १९८२ सालीं तर सर्वोच्च न्यायालयानें किमान वेतनाहून कमी मजुरीवर राबविणें हीहि वेठच होय, असा निवाडा दिला.

आतां आमचा प्रश्न व्यापारी बंधूंस आहे. मागावर बसणारा विणकर, सालानें राहणारा गडी, वीटभट्टीवर राबणारें जोडपें, यांस आपण जी उचल देतां ती फिटते कधीं? तिचा हिशेब त्यांस वाचून दाखवितां काय? बाकी असतां दुसरीकडे कामास जाण्याची त्यांस मुभा आहे काय? उचल देणें हा अपराध नव्हे. अडीअडचणींत मजुराला तिचाच आधार असतो. परंतु जी पिढ्यान्‌पिढ्या फिटत नाहीं व माणसास जागचा हलूं देत नाहीं, तिला उचल म्हणणें ही आपण आपलीच केलेली फसवणूक होय.

आमची सूचना अगदीं साधी आहे. येत्या दिवाळींत वहीपूजन करण्यापूर्वीं प्रत्येक व्यापाऱ्यानें आपल्या मजुरांस चार माणसांदेखत जुना हिशेब वाचून दाखवावा, जें फिटलें असेल तें खोडावें, आणि त्याची नक्कल सहीनिशीं मजुराच्या हातीं द्यावी. यास खर्च एका कोऱ्या वहीचा. जेकबला लिहितां येत होतें, त्यानें प्रवासाची रोजनिशी ठेवली, म्हणून त्याची साक्ष आज उरली. त्याच्या बरोबर ओझें वाहणाऱ्या अनेकांची उरली नाहीं. आपल्या गड्याचें नांव आज केवळ आपल्याच वहींत आहे. तें त्याच्या स्वतःच्या वहींतहि असूं द्या. लक्ष्मीच्या पूजेस त्यानें उणेपणा येणार नाहीं.