चौदा वर्षे कुठून आली?

खुनाच्या प्रयत्नात माणूस जखमी झाला, तर आरोपीला १४ वर्षे सक्तमजुरी ठोठावता येते का? हरियाणातील एका खटल्यात सत्र न्यायालयाने ती ठोठावली, उच्च न्यायालयाने कायमही केली. सर्वोच्च न्यायालयाने मात्र जुलै २०२४ मध्ये ती १० वर्षांवर आणली. भारतीय दंड संहितेच्या कलम ३०७ नुसार, इजा झाली असेल तर जन्मठेप किंवा ‘आधी नमूद केलेली’ शिक्षा देता येते. आधी नमूद आहे ती कमाल १० वर्षांची. म्हणजे जन्मठेप द्यायची नसेल, तर १० वर्षांच्या पुढे एक दिवसही जाता येत नाही.

निकाल योग्यच आहे. गुन्हा कितीही संतापजनक असो, कायद्यात नसलेली शिक्षा न्यायाधीशाने घडवू नये. पण १० वर्षे अपुरी आणि जन्मठेप जड, असे खटले येणारच. इतर गुन्ह्यांच्या प्रयत्नांसाठीचे सर्वसाधारण कलम निदान हिशेब तरी सरळ मांडते: मूळ गुन्ह्याच्या कमाल कारावासाच्या निम्म्यापर्यंत, आणि त्यासाठी जन्मठेप २० वर्षांची धरायची. खुनाच्या प्रयत्नाचे कलम स्वतंत्र असल्याने त्याला हे लागू नाही.

त्याच महिन्याच्या १ तारखेला भारतीय न्याय संहिता अमलात आली. ३०७ चे १०९ झाले. शिक्षेची ही तरतूद होती तशीच उतरवली गेली. कायदा मुळापासून बदलल्याचा गाजावाजा करणाऱ्यांना ही फट दिसली नाही, की बुजवायची नव्हती? मधली शिक्षा हवी असेल, तर तसा बदल संसदेनेच करायला हवा.