रूपला विचारू नका

नार्निया म्हटलं की आमच्या विंगमध्ये पहिली प्रतिक्रिया ठरलेली : "अरे, ते लहान मुलांचं ना?" असेल बुवा. पण मागच्या पीएलमध्ये (अर्थातच पीएलमध्ये, एरवी अवांतर वाचन होतं कुठे?) मी 'व्हॉयेज ऑफ द डॉन ट्रेडर' दोनदा वाचलं, आणि दुसऱ्या वेळी जे सापडलं त्यावर चार ओळी खरडतोय. सिलॅबसशी संबंध शून्य. हॉस्टेलशी मात्र आहे.

सी. एस. लुईसचं हे पुस्तक १९५२ सालचं. कॅस्पियन राजा आपल्या वडिलांच्या सात बेपत्ता सरदारांना शोधत पूर्वेच्या समुद्रात निघालाय. बाराव्या प्रकरणात भर समुद्रात समोर काळोख येतो. ढग नाही, धुकं नाही, तिथे उजेडच संपतो. कप्तान ड्रिनियन आत जायला तयार नाही. पण रीपिचीप नावाचा शूर उंदीर सगळ्यांची लाज काढतो, आणि कंदील लावून, वल्ही मारत जहाज आत शिरतं. आत एक किंकाळी. पाण्यातून एक माणूस पोहत येतो, त्याला वर ओढून घेतात. हा सात सरदारांपैकी एक, नाव रूप. (हो, रूपच. आम्हीही हसलो होतो.) तो जीव तोडून सांगतो की पळा, इथे स्वप्नं खरी होतात.

खलाशी खूश! एकाला वाटतं आता आपलं लग्न होणार, दुसऱ्याला वाटतं गेलेला माणूस परत भेटणार. तेव्हा रूप ओरडतो की दिवास्वप्नं नव्हेत रे, झोपेतली! अर्धा मिनिट सगळे गप्प. मग एकदम सगळे वल्ह्यांवर तुटून पडतात.

इथे लुईसला मानलं. तो एकही राक्षस दाखवत नाही, नुसते आवाज. युस्टेसला एक प्रचंड कात्री उघडमीट करताना ऐकू येते. कुणाला जहाजाच्या बाजूने काहीतरी वर चढत असल्याचा आवाज येतो, कुणाला घंटा. एकाची कात्री दुसऱ्याला ऐकू येत नाही. वल्ही मारणारे कण्हायला लागतात की आपण गोल गोलच फिरतोय, सुटका नाही. शेवटी ल्युसी वर डोलकाठीवरून मदतीसाठी हाक मारते, उजेडाच्या झोतातून एक अल्बट्रॉस येतो आणि त्याच्या मागोमाग जहाज बाहेर पडतं. २०१० च्या सिनेमात याचं पार हिरवं धुकं आणि समुद्रसर्पाशी मारामारी करून टाकलंय. कात्री गेली ती गेलीच.

आता मुद्दा. लायब्ररीतली प्रत मी वाचत होतो आणि रूमपार्टनरकडे रद्दीवाल्याकडून आणलेली जुनी अमेरिकन प्रत होती. बाहेर पडल्यानंतरचा मजकूर जुळेना. आधी वाटलं प्रिंटिंग मिस्टेक. पण तसं नाही, अमेरिकन आवृत्तीच्या वेळी लुईसने स्वतःच तो भाग बदलला होता. १९९४ पासून मात्र तिकडेही ब्रिटिश मजकूरच छापतात, म्हणून हा बदल आपल्याला सहसा दिसत नाही.

ब्रिटिश मजकुरात बाहेर येताच सगळ्यांच्या लक्षात येतं की भिण्यासारखं काही नव्हतं, कधीच नव्हतं. रूप म्हणतो की मला तिथे परत नेऊ नका. मागे वळून बघतात तर काळोख कायमचा नाहीसा. अमेरिकन मजकुरात तो नाहीसा होत नाही, फक्त मागे पडतो. बाहेर येण्याचा आनंद आहे, वाईट स्वप्नातून सकाळी जाग आल्यासारखा. आणि रूप राजाकडे वेगळंच मागणं मागतो : तिथल्या वर्षांत मी काय पाहिलं ते मला कधीही विचारू नका, कुणाला विचारू देऊ नका. राजा शहारतो. म्हणतो, विचारतो कशाला, ते ऐकावं लागू नये म्हणून मी खजिना देईन.

माझं मत : दुसरा मजकूरच खरा. एक तर लॉजिक बघा. पुढच्या बेटावर रूपला वर मिळतो तो स्वप्न नसलेल्या झोपेचा, आणि तो दोन्हीकडे आहे. भिण्यासारखं कधी काही नव्हतंच, तर त्याला ही झोप कशाला हवी? दुसरं, लुईस स्वतः पहिल्या महायुद्धात खंदकात होता, १९१८ मध्ये फ्रान्समध्ये जखमी झाला. 'काही नव्हतंच' हे वाक्य अशा माणसाला पुन्हा वाचताना खुपलं असेल, असा आपला माझा अंदाज.

आणि तिसरं कारण आमच्या मजल्यावर राहतं. नाव राहू दे. वायडी नाही, केटी नाही, तरी एक वर्ष घरी होता. परत आला तेव्हा पहिल्याच संध्याकाळी टपरीवर मी विचारलं, "काय झालं होतं रे नक्की?" त्याने अर्धा ग्लास चहा तसाच ठेवला आणि निघून गेला. मग मी मागून ओरडलो, "एवढं काय टेन्शन, काही नसतं रे!" म्हणजे विचारलं पण मीच आणि काही नव्हतं म्हणून निकालही मीच दिला. गॅप सर्टिफिकेटला कारण लागतं, फॉर्मवर त्यासाठी दोन ओळी असतात, तिथे इलाज नाही. पण मेसच्या टेबलावर कुणी फॉर्म ठेवलेला नसतो.

यावर रूमपार्टनर म्हणाला, "मग काय, विचारायचंच नाही? पडू द्यायचं एकटं?" प्रश्न बरोबर आहे. पण कॅस्पियनने रूपला आधी जहाजावर ओढून घेतलं, न विचारण्याचं वचन नंतर दिलं. उलट केलं असतं तर तो पाण्यातच राहिला असता. आणि ज्याला कात्री आत्ता, आज रात्री ऐकू येतेय, त्याने ल्युसीसारखी हाक मारावी. रेक्टर सरांचं दार वाजवावं, आमचंही. रात्री दोनला वाजवलं तरी चालेल, तसेही आम्ही जागेच असतो.

सबमिशनच्या आठवड्यात मी त्या मित्राकडे गेलो आणि एवढंच म्हणालो की माझे ग्राफ राहिलेत, बसतोस का. बसला. पहाटे चारपर्यंत बसलो, त्याचे आधी झाले. जाताना टेबलावरचं पुस्तक उचलून घेऊन गेला, लायब्ररीचं. अजून परत दिलेलं नाही. फाइन मी भरतोय.