‘बागबान’ची लिंक

आमच्या इंदूरच्या फॅमिली ग्रुपवर परवा भाच्याने ‘बागबान’ची चोरटी लिंक टाकली. खाली सगळ्यांचे रडके चेहरे. २००३ सालचा हा सिनेमा. त्यातला अमिताभ माझ्यासारखाच बँकेतून निवृत्त झालेला. तेव्हा आम्ही नऊ जणांनी तिकिटं काढून पाहिला. मध्यंतरात आई म्हणाली, “मला असं वाटून घेऊ नका रे.” आम्ही हसलो. पुढे दोघा भावांनी तिला सहा-सहा महिने वाटूनच घेतलं.

माझं मत स्पष्ट आहे. फुकटची लिंक म्हणजे निर्मात्याच्या खिशातली चोरी. पण मोबाइलवर एकेकट्याने रडून मोकळं होणं त्याहून वाईट. शेजारी आई बसली होती, म्हणून तिचं वाक्य तरी कानावर पडलं. ते ऐकलं नाही, ही चूक आमची. तुम्ही तरी एकत्र बसून बघा!