नोकरी आणि कायदा : विनंती अर्जावर सही करण्यापूर्वी



एप्रिल-मे आला की सरकारी नोकरदारांच्या घरात बदलीशिवाय दुसरा विषय नसतो. आपल्या अमळनेरचा मुलगा मुंबईला किंवा गडचिरोलीला लिपिक म्हणून लागलेला असतो. बहुधा घराण्यातला पहिलाच नोकरदार. इकडे आई थकलेली, वडिलांना नीट दिसत नाही. कुणीतरी सांगते, "तुझ्या खात्यात जळगावला जागा नाही, दुसऱ्या खात्यात आहे. अर्ज टाकून दे." तो "माझ्या विनंतीवरून" असे लिहितो आणि सोबतच्या हमीपत्रावर न वाचता सही करतो. काही वर्षांनी पदोन्नतीची यादी लागते तेव्हा मागून लागलेले पुढे गेलेले असतात.

म्हणून आधी एक गोष्ट समजून घ्या. एका खात्यातून दुसऱ्या खात्यात जाणे ही साधी बदली नव्हे. आपल्याच संवर्गात गाव बदलले तर ती बदली. ठरावीक मुदतीसाठी दुसऱ्या खात्यात पाठवले तर ती प्रतिनियुक्ती. दुसऱ्या खात्यातच कायमचे सामावून घेतले तर ते समावेशन. तिन्हींचे कायदेशीर परिणाम निरनिराळे आहेत.

संमतीशिवाय आपला मालकच बदलता येतो का? नाही. दिल्लीच्या जवाहरलाल नेहरू विद्यापीठाने आपले इंफाळ येथील केंद्र मणिपूर विद्यापीठाकडे सोपवले आणि डॉ. के. एस. जावतकर या प्राध्यापकांनाही त्यासोबत तिकडे गेलेले मानले. ते न्यायालयात गेले. कर्मचाऱ्याच्या संमतीवाचून त्याला एका मालकाकडून दुसऱ्या मालकाकडे सोपवता येत नाही, असा निकाल सर्वोच्च न्यायालयाने १९८९ साली दिला. म्हणजे आपली सही ही मोलाची वस्तू आहे.

प्रतिनियुक्तीवर कितीही वर्षे काढली तरी त्याच खात्यात कायम राहण्याचा हक्क मिळत नाही. कुणाल नंदा प्रकरणात २००० साली न्यायालयाने तसे स्पष्ट केले आहे. मूळ खाते केव्हाही परत बोलावू शकते.

आता विनंतीचे पाहू. के. पी. सुधाकरन प्रकरणात २००६ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, स्वतःच्या विनंतीवरून दुसऱ्या खात्यात जाणाऱ्याला आधीची ज्येष्ठता सोडावी लागते. नव्या ठिकाणी सर्वांत कनिष्ठ कर्मचाऱ्याच्याही खाली त्याचे नाव लागते. एकाच्या वैयक्तिक सोयीसाठी तिथल्या इतरांच्या ज्येष्ठतेला धक्का लागू नये, हे त्यामागचे कारण. ते अन्यायाचे म्हणता येत नाही.

पण ज्येष्ठता गेली म्हणजे केलेली नोकरी पुसली गेली असे नाही. पुण्याच्या केंद्रीय आयुध डेपोतील एक भांडारपाल विनंतीवरून कोचीनला गेला. तिथे पदोन्नतीच्या वेळी पुण्याची सेवा धरली जाईना. १९९८ साली सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला : यादीत तो तळाशी असला तरी पदोन्नतीसाठी लागणारा अनुभव मोजताना आधीची सेवा वगळता येणार नाही. हा फरक पुष्कळ कार्यालयांत सांगितला जात नाही, म्हणून तो आपणच लक्षात ठेवायचा.

मागासवर्गीय कर्मचाऱ्यांनी आणखी एक पाहावे. दुसऱ्या संवर्गात जाताना तिथल्या बिंदुनामावलीत आपल्या प्रवर्गाची जागा रिकामी आहे का, याची लेखी माहिती घ्यावी. जात वैधता प्रमाणपत्र हाताशी ठेवावे.

सही करण्यापूर्वी एवढे करा. आदेशात "प्रशासकीय कारणास्तव" आहे की "विनंतीवरून", ते वाचा. खात्याने स्वतःच्या सोयीसाठी हलवले असेल तर विनंतीचा अर्ज देऊ नका. हमीपत्राची प्रत घ्या आणि प्रत्येक निवेदनावर आवक शिक्का मारून घ्या. ज्येष्ठता यादी प्रसिद्ध झाली की आपले नाव तपासा आणि हरकत मुदतीत द्या.

आदेश चुकीचा वाटला म्हणून रुजू न होता घरी बसणे मात्र धोक्याचे. स्थगिती नसेल तर रुजू व्हावेच लागते, असे न्यायालयाने १९८९ सालीच बजावले आहे. हजर व्हा आणि मग भांडा. राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांसाठी मॅट, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण आहे. आपल्या जिल्ह्यासाठी त्याचे खंडपीठ छत्रपती संभाजीनगरला (औरंगाबादला) आहे. अंतिम आदेशापासून एक वर्षात अर्ज करावा लागतो. जिल्हा परिषद व नगरपरिषदेचे कर्मचारी मॅटच्या कक्षेत येत नाहीत. त्यांनी वरिष्ठांकडे दाद मागून गरज पडल्यास उच्च न्यायालयात जावे.

माय-बहिणींनाही सांगणे आहे. घरधन्याच्या दुय्यम सेवापुस्तकाची आणि आदेशांची फाईल कुठे आहे ते तुम्हालाही ठाऊक असू द्या. ३१ जुलै १९३७ रोजी बाबासाहेब न्यायालयीन कामासाठी धुळ्याला आले आणि लळिंगच्या लांडोर बंगल्यात थांबले. दरवर्षी त्या दिवशी आपण तिथे वंदनेला जातो. यंदा जाण्याआधी ती फाईल एकदा उघडून वाचा. त्यांनी कायदा शिकून आपल्यासाठी वापरला, आपण निदान आपला कागद तरी वाचावा.

जयभीम!