विकत घेतलेला खेळ कोणाचा?

दिवाळीच्या सुटीत आमचा भाचा बडोद्याहून चार दिवस करजणला राहावयास आला होता. यंदा तो अकरावीत आहे. तिसऱ्या दिवशी सकाळी आम्ही वर्तमानपत्र उघडून बसलो असता तो हळूच शेजारी येऊन उभा राहिला. हातात एक पाकीट होते. त्यात वक्तृत्वस्पर्धेच्या बक्षिसाचे आणि आजोबांनी दिवाळीला दिलेले असे मिळून काही पैसे होते.

"मामा, हे पैसे तुम्ही ठेवा आणि तुमच्या कार्डावरून मला एक खेळ घेऊन द्या. संगणकावरचा."

शाळेत प्रार्थनेनंतर आठवड्यातून एकदा तरी आम्ही या खेळांविरुद्ध चार शब्द बोलतो, हे त्याला ठाऊक नव्हते असे नाही. तरीही तो आमच्याकडे आला, याचे आम्हांस नवल वाटले. वेळ काढावा म्हणून आम्ही विचारले, "कोणत्या दुकानातून घ्यावयाचा?"

"तेच कळत नाही," तो म्हणाला. "दुकानं पुष्कळ आहेत."

आमच्या पिढीच्या वाचकांसाठी थोडा खुलासा करणे अवश्य आहे. संगणकाचे खेळ पूर्वी तबकडीवर मिळत. पेटी उघडावी, तबकडी घालावी, खेळावे. आता तो व्यवहार बहुतांशी तारेवरून चालतो. अमेरिकेतील व्हॉल्व्ह या कंपनीने २००३ साली 'स्टीम' नावाचे दुकान मांडले. आज संगणकाच्या खेळांची सर्वांत मोठी पेठ ती हीच. पोलंडमधील सीडी प्रोजेक्ट या मंडळींनी २००८ साली जुने, चांगले खेळ विकण्यासाठी 'गॉग' काढले. पुढे ते नवेही विकू लागले. २०१८ च्या डिसेंबरात 'एपिक'ने तिसरे दुकान उघडले आणि गिऱ्हाईक जमवण्यासाठी ठरावीक दिवसांनी एखादा खेळ फुकट वाटण्याची प्रथा पाडली. तिन्ही ठिकाणी आपल्या नावाचे खाते उघडावे लागते, पैसे भरावे लागतात, आणि मग खेळ संगणकात उतरतो.

आमचे चिरंजीव अभियांत्रिकीच्या पहिल्या वर्षाला आहेत. ते बाजूला बसून फराळाचा डबा रिकामा करीत होते. ते म्हणाले, "बाबा, यात विचार कसला? सगळे मित्र स्टीमवर आहेत. तिथंच घ्यायचा."

भाचा काही बोलला नाही. त्याचा चेहरा मात्र उतरला. ते आमच्या आधी त्याच्या मामीच्या ध्यानात आले. तिने त्याला स्वयंपाकघरात बोलावले, चहाचा कप हातात दिला, आणि अर्ध्या तासात आम्हांस जी हकीकत कळली ती अशी.

दोन वर्षांपूर्वी त्याने अशाच एका दुकानात खाते उघडले होते. (दुकानाचे नाव येथे देण्याचे कारण नाही.) खात्याला जो ई-मेलचा पत्ता जोडला, तो संगणकाच्या शिकवणीत तेथील कोणीतरी काढून दिलेला होता; त्याचा पासवर्ड आणखी दोघाचौघांना ठाऊक होता. पैसे भरावयास घरातील कोणाचे कार्ड मागण्याचे धैर्य नव्हते, म्हणून एका ओळखीच्या मुलाला रोख पैसे देऊन तो त्याच्याकडून खेळांचे सांकेतिक क्रमांक घेत असे. असे अकरा खेळ जमले. एके दिवशी खाते उघडेना. कोणीतरी पासवर्ड बदलला होता. त्याने दुकानाला लिहिले. दुकानाने विचारले, हे खाते तुमचेच, याला पुरावा काय? पैसे कोणत्या कार्डावरून भरले? पुरावा काहीच नव्हता. दोन वर्षांची शिल्लक गेली.

"अरे, मग घरी सांगायचं नाही का?" आम्ही विचारले.

तो खाली मान घालून म्हणाला, "तुम्ही म्हणाला असतात, बरं झालं."

वाचकहो, हे ऐकून आम्ही गप्प बसलो, कारण आम्ही तसेच म्हणालो असतो. तीस वर्षे मुलांमध्ये घालवून आम्हांस एवढे कळावयास हवे होते, की मूल हरवलेली वस्तू लपवते ते पुढे ऐकाव्या लागणाऱ्या बोलण्याच्या भीतीने. घरच्या वडीलधाऱ्यांचा दरवाजा बंद दिसला म्हणून मुलगा आडवाटेने बाजारात गेला आणि तेथे फसला. तेव्हा या खेपेस निदान बाजारात त्याच्याबरोबर जावे, असे आम्ही ठरवले.

चिरंजिवांना हाताशी धरून दोन संध्याकाळी चौकशी केली. आधी भाव पाहिले. स्टीमने २०१५ पासून आपल्याकडे भाव रुपयांत लावले आहेत. सणासुदीला सगळीच दुकाने सवलतीचे जलसे लावतात; त्यामुळे घाई न करणाऱ्यास कोठेही स्वस्त मिळते. मग माल परत करण्याची अट पाहिली. २०१५ पासून स्टीमवर खरेदीनंतर चौदा दिवसांत, आणि एकंदर दोन तासांहून कमी खेळला असल्यास, पैसे परत मागता येतात. एपिकचा नियम बराचसा तसाच. गॉगने २०२० साली ही मुदत तीस दिवसांची केली, आणि खेळ खेळून पाहिलेला असला तरी. कापड अंगाला लावून पाहून परत करू देणारा दुकानदार आमच्या मंगळ बाजारातही विरळाच!

त्यानंतर पैशाचा वाटा कोणास जातो ते पाहिले. स्टीम साधारणपणे शंभरांतले तीस रुपये स्वतःकडे ठेवते. फार मोठ्या विक्रीच्या खेळांना २०१८ पासून काही सूट आहे. एपिकने दुकान उघडले तेव्हा आपला वाटा बाराच ठेवला. याउलट कोपऱ्याकोपऱ्यांवर जे स्वस्त सांकेतिक क्रमांक विकले जातात, त्यांतले काही चोरलेल्या कार्डांवरून घेतलेले असतात. तेथे खेळ रचणाऱ्याच्या हाती काहीच लागत नाही, आणि चोरी उघडकीस आली तर घेणाऱ्याचा खेळही जातो. आमच्या भाच्याने ज्याच्याकडून खेळ घेतले, त्या मुलाने ते कोठून आणले, हे अजून कोणास ठाऊक नाही.

पण हे सर्व ऐकून झाल्यावर सौभाग्यवतींनी जो प्रश्न विचारला, तो आम्हा दोघांनाही सुचला नव्हता. "दुकान बंद पडलं, किंवा तुमचं खातं गेलं, तर घेतलेला खेळ घरात राहतो की नाही?"

याचे उत्तर शोधू जाता असे कळले, की बहुतेक ठिकाणी आपण खेळ विकत घेतच नाही. खेळण्याचा परवाना घेतो. कॅलिफोर्नियात २०२४ साली कायदा झाला आणि १ जानेवारी २०२५ पासून तो लागू झाला. विक्रेत्याने अशा मालास सरसकट 'विकत घ्या' म्हणू नये, केवळ परवाना मिळतो आहे हे गिऱ्हाइकास स्पष्ट सांगावे, असा त्याचा आशय. स्टीमने २०२४ च्या ऑक्टोबरातच तशी पाटी पैसे भरण्याच्या जागी लावली. स्टीमवरचे खाते दुसऱ्याच्या नावे करता येत नाही. मृत्युपत्राने देखील नाही. २०२४ च्या मार्चअखेर युबिसॉफ्ट या फ्रेंच कंपनीने 'द क्रू' नावाचा मोटारशर्यतीचा खेळ चालवणारी आपली यंत्रे बंद केली, तेव्हा पैसे मोजून घेतलेला तो खेळ लोकांच्या घरी चालेनासा झाला. हे खेळांपुरतेच आहे असेही नाही. २००९ साली ॲमेझॉनने ऑर्वेलची दोन पुस्तके वाचकांच्या किंडल यंत्रांतून काढून घेतली होती. पैसे परत केले, नंतर क्षमाही मागितली. परंतु रात्रीतून घरातले पुस्तक नाहीसे होऊ शकते, हे जगाला दिसले. त्यांत एक पुस्तक '१९८४' होते!

आम्ही बडोदेकर मराठी माणसे. आम्हांस हा भेद समजावयास जड जाऊ नये. श्रीमंत सयाजीराव महाराजांनी १९१० साली अमेरिकेहून बोर्डनसाहेबांस बोलावून राज्यभर मोफत वाचनालयांचे जाळे उभारले. खेडोपाडी पुस्तकांच्या पेट्या फिरत. त्या पेटीतले पुस्तक आपले नव्हे, ते परत करावयाचे, हे खेड्यातल्या मुलासही कळे, आणि त्यासाठी त्याला पैसेही द्यावे लागत नसत. घरच्या कपाटातले पुस्तक ते निराळे. आजच्या दुकानांत गोम ही, की किंमत कपाटातल्या पुस्तकाची घेतात आणि हाती देतात ते वाचनालयाचे पुस्तक.

दुसरी अडचण आमच्या गावाच्याच उदाहरणाने सांगतो. १८६२ साली गायकवाड सरकारने डभोई ते मियागाम अशी अरुंद रुळांची वाट घातली. तिच्यावरचे डबे सुरुवातीस बैल ओढीत. मुंबईकडून येणारा रुंद मार्ग तिला येथे भेटे, पण एकीचा डबा दुसरीवर चालत नसे. माल उतरवून पुन्हा चढवावा लागे. खेळांच्या दुकानांत तर माल उतरवून चढवण्याचीही सोय नाही. स्टीमवर घेतलेला खेळ एपिकवर हवा असेल तर तो पुन्हा विकत घ्यावा. म्हणून पहिले खाते कोठे उघडले, याला महत्त्व येते. पुढची सारी खरेदी त्याच रुळांवर जाते.

तिन्हींत गॉगची रीत काहीशी वेगळी आढळली. कायद्याने तेथेही परवानाच मिळतो. परंतु खेळाला कुलूप नसते. खेळ बसवण्याची संपूर्ण फाइल आपल्या संगणकात उतरवून ठेवता येते, आणि ती पुढे दुकानाला न विचारता, इंटरनेट नसतानाही चालते. उणेही सांगावयास हवे. सगळेच नवे खेळ तेथे येत नाहीत, आणि मित्रांबरोबर दुरून खेळावयाचे खेळ बहुधा इतर दुकानांतच सापडतात. शिवाय फाइल जपणे हे आपले काम. हार्ड डिस्क बिघडली तर दोष दुकानाचा नव्हे. चिरंजिवांनी स्टीमची बाजूही सोडली नाही. तेथे २०२४ पासून एका घरातील सहा जणांचे कुटुंब जोडून एकमेकांचे खेळ खेळता येतात, आणि तेथलेही काही खेळ कुलपावाचून चालतात. हे दोन्ही खरे आहे.

आता भाच्याला हवा होता तो खेळ कोणता, हे सांगावयाचे राहिले. त्याचे नाव 'राजी'. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्स या छोट्या मंडळीने तो रचला. २०१७ साली लोकवर्गणीने भांडवल उभारण्याचा त्यांचा प्रयत्न फसला. तरी त्यांनी काम सोडले नाही, आणि २०२० च्या ऑक्टोबरात खेळ संगणकावर आला. त्या वर्षीच्या 'द गेम अवॉर्ड्स'मध्ये पदार्पणाच्या उत्कृष्ट खेळासाठी त्याचे नामांकन झाले. असुरांनी पळवून नेलेल्या गोलू नावाच्या धाकट्या भावाला शोधत निघालेली एक मुलगी, तिला दुर्गेचे साहाय्य, वाटेत राजस्थानी धाटणीचे वाडे आणि भिंतींवरची चित्रे, असे त्याचे कथानक. आम्ही अर्धा तास पाठीशी उभे राहून पाहिला. उभे राहून पाय दुखले, हे मागाहून कळले.

हा खेळ एकट्याने खेळावयाचा. मित्रांचा प्रश्न नाही. म्हणून तो गॉगवरून घेतला. दुसरा एखादा खेळ असता, वर्गातल्या चौघांनी मिळून खेळावयाचा, तर आम्ही स्टीमकडे गेलो असतो. दुकान निवडताना खेळाकडे पाहावे. आणि जो खेळ जपून ठेवावा असे वाटते, तो शक्यतो कुलपावाचून मिळेल तेथून घ्यावा, एवढेच आमचे म्हणणे.

ज्या घरांत अशी मुले आहेत, त्यांच्यासाठी चार गोष्टी. खात्याला जोडलेला ई-मेल मुलाचा स्वतःचा किंवा आईवडिलांचा असावा. शिकवणीचा, शाळेचा, मित्राचा नको. दुकान देईल ती दुहेरी तपासणी चालू करावी. पहिल्या खरेदीची पावती कागदावर काढून घरच्या कागदपत्रांत ठेवावी. खाते हरवले तर तीच कामास येते. पैसे घरच्या कार्डावरून किंवा यूपीआयवरून, मोठ्यांनी ओटीपी पाहून भरावेत. कार्डाचा तपशील दुकानात साठवू नये. आणि खेळ म्हणजे जुगार नव्हे, हे मोठ्यांनीही ध्यानात घ्यावे. पैसे लावून खेळावयाच्या खेळांवर केंद्राने २०२५ साली कायद्याने बंदी घातली, ती रास्तच. एकदा पैसे देऊन घेतलेला कथेचा खेळ त्यात येत नाही. 'फुकट' म्हणून मिळणाऱ्या खेळात आत गेल्यावर पदोपदी पैसे मागितले जातात की काय, हे मात्र पाहावे.

आमच्या घरी वडिलांपासून एक रीत आहे. नवे पुस्तक आले की पहिल्या पानावर नाव, गाव आणि तारीख घालावयाची. जाण्याच्या आदल्या रात्री भाच्याने खेळाची फाइल एका लहान हार्ड डिस्कवर उतरवली, तिच्यावर कागदाची पट्टी चिकटवली, आणि पेन घेऊन आमच्याकडे आला. आम्ही म्हटले, तूच लिही. त्याने नाव लिहिले, 'करजण' लिहिले, तारीख घातली. एक प्रत तो बडोद्यास घेऊन गेला. दुसरी आमच्या पुस्तकांच्या कपाटात आहे.

ते अकरा खेळ काही परत आले नाहीत. पण परवा त्याचा दूरध्वनी आला. वर्गातल्या एका मुलाचे असेच खाते गेले आहे, तो घरी सांगावयास भितो, "मामा, त्याला तुमच्याकडे आणू का?" रविवारी दोघेही येणार आहेत.