नावाचे मालक

'ट्रकमालक' हा शब्द कानांवर पडला की सामान्य माणसाच्या डोळ्यांपुढे एखाद्या सुखवस्तू गृहस्थाचे चित्र उभे राहते. लाखो रुपयांचे वाहन ज्याच्या दारात उभे आहे त्याला कशाची ददात असणार, अशी आपली समजूत असते. ही समजूत किती भ्रामक आहे हे ज्याला पाहावयाचे असेल त्याने त्या वाहनाचे नोंदणीपुस्तक उघडून पाहावे. मालकाच्या नावाखाली बहुधा एखाद्या वित्तसंस्थेचा बोजा नोंदलेला आढळेल. कर्ज त्याच्या नावावर, विमा त्याच्या नावावर, दंडाची पावती त्याच्या नावावर. भाड्याचा दर मात्र दुसऱ्याच्या हातात. ज्या धंद्यात विकणाऱ्याला आपल्या सेवेची किंमत सांगता येत नाही, त्या धंद्यातील मालकी ही नावापुरतीच असते.

याचे उदाहरण म्हणून आम्ही आज मध्य प्रदेशातील बालाघाट जिल्ह्याकडे वाचकांचे लक्ष वेधू इच्छितो. मराठवाड्यातील बालाघाटच्या डोंगररांगेशी याचा संबंध नाही. हा बालाघाट गोंदिया आणि भंडारा जिल्ह्यांच्या सीमेला लागून, वैनगंगेच्या काठी वसलेला आहे. १९५६ पर्यंत तो नागपूर राजधानी असलेल्या जुन्या मध्य प्रांतात होता. राज्यपुनर्रचनेत विदर्भाचे आठ जिल्हे मुंबई राज्यात आले आणि बालाघाट मध्य प्रदेशात राहिला. मराठी भाषा तेथे परकी नाही, आणि गोमंतकीय वाचकाला तेथील धंदाही परका वाटणार नाही. कारण हा जिल्हा खाणींचा आहे.

भरवेली, उकवा, तिरोडी ही नावे मँगनीजच्या व्यापारात सुप्रसिद्ध आहेत. या खाणी 'मॉइल' या सरकारी कंपनीच्या ताब्यात आहेत. १८९६ साली स्थापन झालेल्या इंग्रज कंपनीचा वारसा घेऊन ही कंपनी १९६२ मध्ये उभी राहिली आणि १९७७ मध्ये पूर्णपणे सरकारच्या मालकीची झाली. जिल्ह्याच्या दुसऱ्या टोकाला, बैहरच्याही पलीकडे, मलाजखंडची तांब्याची खाण आहे. देशातील ही सर्वांत मोठी तांब्याची खाण हिंदुस्तान कॉपर या सरकारी कंपनीने १९८२ मध्ये सुरू केली. यांखेरीज जिल्हा भाताचे कोठार आहे. येथील चिन्नोर तांदळाला २०२१ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. खनिज, धान व तांदूळ, लाकूड व बांबू असा हा सारा माल हलवावयाचा तो ट्रकने. जबलपूरकडे जाणारी नॅरोगेज २०१५ मध्ये बंद झाली आणि तिच्या जागी ब्रॉडगेज आली, हे चांगलेच झाले. परंतु मलाजखंडला रेल्वे नाही, उकव्याला नाही, आणि धानखरेदीच्या गावोगावच्या केंद्रांना तर ती मिळण्याचा प्रश्नच नाही.

रेल्वे सुधारली म्हणजे ट्रकवाल्याचे भले होते असेही नाही. लांब पल्ल्याची वाहतूक रेल्वेकडे जाते आणि ट्रकच्या वाट्याला आखूड पल्ल्याच्या, घाटातल्या, खडतर खेपा उरतात. ट्रक कमावतो तो चाक फिरत असेल तेव्हाच. आखूड खेपेत चाक फिरण्याचा वेळ थोडा आणि भरणीच्या रांगेत, वजनकाट्यावर, उतरणीच्या आवारात उभे राहण्याचा वेळ फार. या उभे राहण्याचे भाडे कोण देतो? बहुतेक ठिकाणी कोणीच देत नाही.

या धंद्याची साखळी देशभर सारखीच आहे. माल धाडणारी कंपनी किंवा सरकारी खाते वाहतुकीची निविदा काढते. ज्याच्याकडे अनामत भरण्याची ऐपत आहे असा ठेकेदार ती घेतो. त्याच्यापाशी स्वतःचे ट्रक थोडे असतात, कधी मुळीच नसतात. तो ट्रान्सपोर्ट ऑफिसांकडे वळतो, ते दलालाकडे वळतात, आणि दलाल एक किंवा दोन ट्रकांच्या मालकाला गाठतो. देशातील बहुसंख्य ट्रकमालकांकडे पाचापेक्षा अधिक गाड्या नाहीत. प्रत्येक पायरीवर काही रक्कम गळते. शेवटच्या पायरीवरच्या माणसाला काही पैसे भरणीच्या वेळी आगाऊ मिळतात; उरलेले बिल्टीची पोच आणून दिल्यावर, म्हणजे ठेकेदाराच्या सवडीने. डिझेल मात्र रोखीने घ्यावे लागते.

आता थोडा हिशेब मांडू. मलाजखंड ते बालाघाट हे अंतर सुमारे ९० किलोमीटर आहे, मध्ये घाट आहे. जाऊन-येऊन १८० किलोमीटर झाले. भरलेला व रिकामा मिळून ट्रक लिटरला सरासरी साडेतीन किलोमीटर चालतो असे धरले, तर एका खेपेला सुमारे ५१ लिटर डिझेल लागते. महिन्याला २५ खेपा धरा. डिझेल लिटरमागे ५ रुपयांनी चढले की महिन्याला सहा हजारांहून अधिक रुपयांचा खड्डा पडतो. दुसरीकडे, ३० लाखांचे कर्ज ११ टक्के व्याजाने पाच वर्षांत फेडावयाचे म्हटले तर दरमहा सुमारे ६५ हजारांचा हप्ता येतो. पावसाळ्यात काम मंदावले, यंत्र बिघडले किंवा चालक आजारी पडला, म्हणून हप्ता थांबत नाही. वर्षात तीन महिने गाडी उभी राहिली तर जवळपास दोन लाख रुपये केवळ उभ्या गाडीपायी जातात. टायर, विमा, कर आणि दुरुस्ती यांची गणती आम्ही अद्याप केलेलीच नाही.

डिझेलवरील सरकारी दरनियंत्रण ऑक्टोबर २०१४ मध्ये उठले आणि जून २०१७ पासून तर भाव रोजच्या रोज बदलू लागले. ऑक्टोबर २०२१ मध्ये मध्य प्रदेशात डिझेल शंभरीच्या पलीकडे गेले होते. नोव्हेंबर २०२१ व मे २०२२ मध्ये केंद्राने अबकारी शुल्क कमी केले तेव्हा थोडा उतार पडला. बाजारभावाचे तत्त्व आम्हांला मान्य आहे. परंतु ज्या वस्तूवर हा धंदा चालतो तिचा भाव रोज बदलणार आणि त्या धंद्याचे भाडे मात्र ठेक्याची मुदत संपेपर्यंत गोठलेले राहणार, हा बाजार नव्हे. मोठ्या निविदांत इंधनदराप्रमाणे दर बदलण्याचे कलम पुष्कळदा असते. पण त्या कलमाचा लाभ ठेकेदाराच्या खात्यात जमा होतो. तो ट्रकवाल्यापर्यंत पोहोचला की नाही हे पाहणे कोणाचेच काम नसते.

मग हा मालक तोंडमिळवणी कशी करतो? तीन मार्गांनी, आणि तिन्ही घातक. पहिला, जादा माल भरणे. सर्वोच्च न्यायालयाने २००५ मध्येच जादा भाराविरुद्ध कडक निर्णय दिला. २०१८ मध्ये केंद्राने ट्रकांची भारमर्यादाच २० ते २५ टक्क्यांनी वाढवून दिली, तर २०१९ च्या दुरुस्तीने जादा भारासाठी २० हजार रुपये आणि वर प्रत्येक टनामागे २ हजार रुपये असा जबर दंड ठेवला. परंतु मर्यादा वाढली तेव्हा तितक्याच मालासाठी कमी ट्रक पुरेसे झाले आणि रिकाम्या ट्रकांनी भाडे आणखी पाडले. दुसरा मार्ग, झिजलेल्या टायरवर आणि तकलादू ब्रेकवर गाडी रेटणे. तिसरा, चालकाला झोपू न देणे. मोटार परिवहन कामगारांच्या कायद्याने १९६१ मध्येच दिवसाला आठ तासांचे बंधन घातले होते. पण तो कायदा पाच किंवा अधिक कामगार असलेल्या धंद्यांपुरता होता. एका ट्रकचा मालक आणि त्याचा एकुलता चालक त्याच्या कक्षेबाहेरच राहिले. जानेवारी २०२४ मध्ये अपघात करून पळणाऱ्यास दहा वर्षांपर्यंत शिक्षेची तरतूद झाली म्हणून देशभरचे चालक रस्त्यावर उतरले आणि सरकारला ते कलम लांबणीवर टाकावे लागले. शिक्षेची चर्चा पुष्कळ झाली. तो चालक सलग किती तास चाकामागे होता आणि का होता, याची चर्चा मात्र झाली नाही.

गोमंतकीय वाचकाला हे सारे ऐकताना आपल्याच घरची कथा ऐकल्यासारखे वाटेल. सत्तरी, डिचोली, सांगे येथील खेड्यांतून लोहखनिजाची मागणी वाढत होती त्या काळात घरटी ट्रक आले. कोणी कुळागर गहाण टाकले, कोणी बायकोचे दागिने विकले. सप्टेंबर २०१२ मध्ये राज्य सरकारने खाणी थांबविल्या, ऑक्टोबरात सर्वोच्च न्यायालयाने बंदी घातली. २०१४ मध्ये ती उठली, तर २०१८ मध्ये नूतनीकरण झालेले सारे खाणपट्टे रद्द ठरले. खाणमालकांची बाजू मांडायला निष्णात वकील होते. धक्क्यांवरच्या बार्जी आणि खेड्यातले ट्रक गंजत पडले. सरकारला कर्जफेडीसाठी मदतीच्या योजना आखाव्या लागल्या. म्हणजे खासगी नफ्याच्या काळात जो धोका लहान माणसाच्या डोक्यावर होता, तो शेवटी जनतेच्या तिजोरीवर येऊन पडला. खाणी बंद होत्या तेव्हा हप्त्याची चिंता होती, आणि त्या सुरू होत्या तेव्हाही दरटन दरकिलोमीटर भाड्यासाठी ट्रकवाल्यांना आंदोलने करावी लागली, हे आपण विसरता कामा नये.

यावर असे म्हटले जाईल की, ट्रकवाल्यांनी संघटना करावी आणि दर मिळवावा. संघटना हवीच. परंतु संघटनेची मक्तेदारी झाली म्हणजे काय होते तेही देशाने पाहिले आहे. परगावच्या गाडीला माल भरू द्यायचा नाही, पाळी मोडणाऱ्याच्या काचा फोडायच्या, असे प्रकार वाढल्यावर पंजाब सरकारने २०१७ मध्ये नियम करून ट्रक युनियनांच्या मक्तेदारीला बंदी घातली. हिमाचल प्रदेशात भाडेदराच्या वादावरून एसीसी व अंबुजा यांचे दोन सिमेंट कारखाने डिसेंबर २०२२ पासून ६७ दिवस बंद होते. शेवटी फेब्रुवारी २०२३ मध्ये सरकारच्या मध्यस्थीने दरटन दरकिलोमीटर १० रुपये ३० पैसे, आणि अनेक आसांच्या ट्रकांना ९ रुपये ३० पैसे, असा दर ठरला. दोन्ही बाजूंनी दोन महिन्यांहून अधिक काळचे उत्पन्न गमावले. जो दर कागदपेन्सिल घेऊन एका बैठकीत काढता आला असता, त्यासाठी हजारो कुटुंबांची चूल विझू द्यावी हे शहाणपणाचे लक्षण नव्हे.

आमच्या मते उपाय अवघड नाही. १९८८ च्या मोटार वाहन कायद्याच्या ६७ व्या कलमाने मालवाहतुकीचे किमान व कमाल भाडे ठरविण्यासाठी निदेश देण्याचा अधिकार राज्य सरकारांना दिलेलाच आहे. रिक्षाचे भाडे सरकार ठरविते. ट्रकच्या बाबतीत तोच अधिकार बहुतेक वेळा धूळ खात पडतो. सर्व देशासाठी एकच दर ठरवावा असे आमचे म्हणणे नाही, तसा तो ठरविताही येणार नाही. परंतु जेथे माल पाठविणारा एकटा किंवा दोघेच आणि ट्रकवाले शेकड्यांनी, अशा खाणपट्ट्यांत डिझेलच्या भावाशी जोडलेले एक सूत्र सरकारने जाहीर करावे. घाटासाठी किती, रिकाम्या परतीसाठी किती, ठराविक तासांहून अधिक उभे राहावे लागल्यास किती, हे त्यात लिहिलेले असावे.

बालाघाटच्या बाबतीत तर सबब सांगायलाही जागा नाही. तेथील दोन्ही मोठ्या खाणकंपन्या केंद्र सरकारच्या आहेत आणि धानाची खरेदीही सरकारी यंत्रणाच करते. त्यांनी निविदेत एक अट घालावी : इंधनवाढीपोटी ठेकेदाराला मिळालेली रक्कम प्रत्यक्ष गाडी चालविणाऱ्याच्या खात्यात जमा झाल्याचा पुरावा आणल्याशिवाय पुढचे बिल मंजूर होणार नाही. लहान उद्योगांच्या २००६ च्या कायद्याने नोंदणीकृत लहान सेवाधारकाचे पैसे ४५ दिवसांच्या आत देणे बंधनकारक आहे, आणि २०२३-२४ च्या हिशेबापासून असे पैसे थकविणाऱ्याला आयकरातही त्या खर्चाची वजावट वेळेवर मिळत नाही. ट्रकमालकांनीही 'उद्यम' नोंदणी करून घ्यावी आणि तोंडी सौदे टाळून दर कागदावर घ्यावा. मध्य प्रदेश सरकारने १ जुलै २०२४ पासून परिवहन खात्याचे सीमेवरील तपासणी नाके बंद केले, त्याचे आम्ही स्वागत करतो. रस्त्यावरची गळती थांबविण्याचा प्रयत्न झाला, तसा आता ठेक्याच्या साखळीतील गळतीकडेही पाहावे.

आपल्या राज्यात खाणपट्ट्यांचे लिलाव होऊन खनिजाची वाहतूक पुन्हा सुरू होत आहे. रस्त्यावरची धूळ, अपघात आणि वाहतुकीच्या वेळा यांवर वाद होतात आणि ते होणे योग्यच आहे. परंतु ज्या ट्रकचे भाडे पुरत नाही, तो ट्रक भरधाव धावणार, जादा भरणार आणि ताडपत्रीवर खर्च करणार नाही, हे साधे अर्थशास्त्र आहे. गावाची सुरक्षितता आणि ट्रकवाल्याचे वाजवी भाडे हे एकमेकांच्या आड येणारे प्रश्न नव्हेत. दुसरा सोडविल्याशिवाय पहिला सुटणार नाही. बँकांनी पुन्हा ट्रकांसाठी कर्जे मंजूर करण्यापूर्वी आणि तरुणांनी पुन्हा कुळागरे गहाण टाकण्यापूर्वी भाड्याचे सूत्र ठरवून ते जाहीर करणे, हे आमच्या सरकारचे पहिले कर्तव्य आहे. ते या हंगामातच पार पडले पाहिजे.